डिजिटल आलं आणि निर्णयाची वेळ बदलली

चित्रपटनिर्मिती शिकणाऱ्या एका विद्यार्थिनीने विचारलं आहे: "डिजिटल तंत्रज्ञानाने चित्रपटसृष्टी बदलून टाकली असं सगळेच म्हणतात. पण कॅमेऱ्यात फिल्मच्या जागी कार्ड आलं, यापलीकडे प्रत्यक्ष कामात काय बदललं? चित्रपट खरोखर स्वस्त आणि सोपा झाला का? आणि आत्ता या व्यवसायात येणाऱ्याने कशाची तयारी करावी?"

मी चित्रीकरणानंतरच्या टप्प्यांवर, म्हणजे संकलनापासून थिएटरला जाणारी अंतिम प्रत तयार होईपर्यंत, बरीच वर्षं काम करतो आहे. फिल्म हाताने कापून जोडण्याचा काळ मी पाहिला आणि सगळं हार्डडिस्कवर आल्यानंतरचाही. मला सर्वांत मोठा बदल दिसतो तो निर्णयाच्या वेळेत. जे निर्णय पूर्वी कॅमेरा सुरू होण्याआधी घ्यावेच लागत, ते आता पुढे ढकलता येतात. कधी ही फार मोठी सोय ठरते, तर कधी ढकललेलं सगळं ओझं साखळीतल्या शेवटच्या माणसावर येऊन पडतं. तुमच्या तिन्ही प्रश्नांची उत्तरं मला याच गोष्टीशी जोडलेली दिसतात.

आधी फिल्मचा हिशेब समजून घ्या. ३५ मिमी फिल्मचा १००० फुटांचा रोल सेकंदाला २४ फ्रेमच्या गतीने सुमारे ११ मिनिटं चालतो. खांद्यावरच्या कॅमेऱ्याला ४०० फुटांचं मॅगझिन (फिल्म भरलेला डबा) लावलं तर ते साडेचार मिनिटांत संपतं. कच्ची फिल्म विकत घ्यायची, लॅबमध्ये धुवायची, निवडक टेक प्रिंट करायचे, दुसऱ्या दिवशी रशेस (आदल्या दिवशीच्या चित्रणाच्या प्रिंट) पाहायच्या, आणि या प्रत्येक पायरीला पैसे मोजायचे. त्यामुळे तालमी आधी होत. कॅमेरा फिरू लागला की अख्खं युनिट एकाग्र होत असे. टेक संपला की दिग्दर्शक तिथेच सांगे, हा प्रिंट करा, तो नको. फिल्मवर नक्की काय उमटलं आहे याचा अंदाज त्या क्षणी फक्त छायाचित्रकाराला असे, तोही लाइट मीटर आणि अनुभवाच्या जोरावर. बाकी सगळे त्याच्या शब्दावर विसंबून असत.

डिजिटल कॅमेऱ्याने पहिला धक्का दिला तो या विश्वासाच्या रचनेला. २००७ मध्ये रेड वन आणि २०१० मध्ये आरी कंपनीचा अलेक्सा हे डिजिटल कॅमेरे आले. २००९ मध्ये तर छायाचित्रणाचं ऑस्कर बहुतांश डिजिटल कॅमेऱ्यावर चित्रित झालेल्या 'स्लमडॉग मिलेनियर'ला मिळालं होतं. २०११ पर्यंत आरी, पॅनाव्हिजन आणि आतों या तिन्ही मोठ्या कंपन्यांनी नवे फिल्म कॅमेरे बनवणं जवळपास थांबवलं होतं. सेटवर मोठा मॉनिटर आला आणि दिग्दर्शक, निर्माता, वेशभूषाकार, कलादिग्दर्शक, सगळ्यांना एकाच वेळी चित्र दिसू लागलं. चुका तिथल्या तिथे पकडल्या जाऊ लागल्या, हा निखळ फायदा. पण मॉनिटरवर दिसणारं चित्र अंतिम नसतं, हे सगळ्यांना कळतंच असं नाही. कॅमेरा बहुधा लॉग पद्धतीने, फिकट आणि सपाट दिसणारं चित्र साठवतो, म्हणजे उजेड-अंधारातला तपशील नंतरसाठी शाबूत राहतो. मॉनिटरवर त्याला तात्पुरता रंग चढवून दाखवतात. तो तात्पुरता रंग महिनोन्‌महिने पाहून दिग्दर्शकाच्या डोळ्यांत बसतो आणि ग्रेडिंगच्या, म्हणजे अंतिम रंग ठरवण्याच्या, वेळी त्याहून चांगला पर्यायही त्याला परका वाटू लागतो. म्हणून तो रंग कोणता असावा, हे छायाचित्रकार आणि ग्रेडिंग करणाऱ्या कलरिस्टने चित्रीकरणाआधी चाचण्या घेऊन ठरवायला हवं.

दुसरा परिणाम कॅमेरा न थांबवण्याच्या सवयीचा. फिल्मचा खर्च गेला म्हटल्यावर "कट" म्हणायची घाई राहिली नाही. नटाला पुन्हा सुरुवातीपासून घ्या, कॅमेरा चालू राहू द्या, अशी पद्धत रुळली. काही नटांना याचा खरोखर उपयोग होतो. विशेषतः लहान मुलांबरोबर किंवा नवख्या कलाकारांबरोबर काम करताना क्लॅपचा ताण टळतो आणि एखादा अस्सल क्षण हाती लागतो. मात्र त्या अखंड चित्रीकरणातून तो क्षण शोधायला संकलन विभागातल्या कुणाला तरी सगळं पाहावं लागतं. दिवसाला सहा-सात तासांचं चित्रण आलं तर ते नीट पाहायलाच सहा-सात तास हवेत. सेटवर न झालेली निवड नाहीशी होत नाही, ती संकलनाच्या खोलीत येऊन थांबते.

याचा पसारा किती असतो, तेही पाहा. अलेक्सा ३५ या २०२२ च्या कॅमेऱ्यावर पूर्ण सेन्सर वापरून, माहितीचं कोणतंही आकुंचन (कॉम्प्रेशन) न करता चित्रण केलं तर तासाला सुमारे २ टेराबाइट माहिती तयार होते. दोन कॅमेरे असतील तर दुप्पट. ही माहिती सांभाळण्यासाठी सेटवर डीआयटी (डिजिटल इमेजिंग टेक्निशियन) हे नवं पद निर्माण झालं. कार्डावरचं चित्रण किमान दोन, शक्यतो तीन ठिकाणी उतरवायचं, प्रत्येक प्रत मूळाशी तंतोतंत जुळते की नाही हे चेकसमने (फाइलवरून काढलेल्या पडताळणीच्या आकड्याने) तपासायचं, आणि त्यानंतरच कार्ड पुन्हा वापरायला द्यायचं. फिल्मच्या काळात डबा हातात धरता यायचा, त्यावर चिठ्ठी असायची, तो हरवला तर लगेच कळायचं. फाइल अर्धवट उतरली असेल तर ते कळायला कधी कधी महिने जातात, आणि तोवर सेट मोडून गेलेला असतो.

संकलनाचा बदल याआधीच सुरू झाला होता. ॲव्हिडची संगणकावर चालणारी संकलन यंत्रणा १९८९ मध्ये आली आणि १९९७ मध्ये वॉल्टर मर्च यांना 'द इंग्लिश पेशंट'साठी संकलनाचं ऑस्कर मिळालं. डिजिटल पद्धतीने संकलित झालेल्या चित्रपटाला मिळालेलं ते पहिलं संकलनाचं ऑस्कर. त्यापूर्वी मूव्हिओला किंवा स्टीनबेक या संकलनाच्या यंत्रांवर फिल्मची वर्क प्रिंट (कामापुरती काढलेली प्रत) कापून जोडायची पद्धत होती. एका दृश्याची नवी रचना करून पाहायची तर जुने सांधे सोडवा, तुकडे शोधा, पुन्हा जोडा. या कामात वेळ जायचा, पण हात चालत असताना डोक्यात विचार चालू असायचा. रीळ मागे गुंडाळत असताना नकळत दहा शॉट पुन्हा डोळ्यांखालून जायचे आणि विसरलेलं एखादं भाव टिपणारं क्षणचित्र सापडायचं. संगणकावर हवा तो शॉट थेट समोर येतो. म्हणून माझ्याबरोबर काम करणाऱ्या प्रत्येक नव्या सहायकाला मी आग्रहाने सांगतो, की पहिला कट लावण्याआधी सगळं चित्रण सलग बघा आणि टिपणं काढा. यंत्राने आपला वेळ वाचवला आहे, त्यातला थोडा पाहण्यावरच खर्च करायला हवा.

आणखी एक गोष्ट, जी संकलकांखेरीज कुणाला फारशी जाणवत नाही. पूर्वी निगेटिव्ह (कॅमेऱ्यातली मूळ फिल्म) कापलं की संकलन संपायचं. निगेटिव्ह कापणारी माणसं पांढरे हातमोजे घालून काम करत आणि त्यांच्या हातून एकदा तुकडा झाला की मागे जाता येत नसे. त्या भीतीमुळे "हा अंतिम कट" या शब्दांना वजन होतं. आता अंतिम कटानंतर आणखी एक अंतिम कट येतो. पार्श्वसंगीत चालू असताना दृश्य बदलतं, मग संगीतकाराचं मोजमाप चुकतं, व्हीएफएक्सच्या (संगणकावर घडवलेल्या दृश्यपरिणामांच्या) फ्रेम बदलतात, ध्वनीच्या सगळ्या पट्ट्या सरकवाव्या लागतात. चित्र लॉक करण्याची, म्हणजे यापुढे एकही कट बदलायचा नाही हे पक्कं करण्याची, तारीख ठरवणं आणि ती पाळणं हे आज निर्मात्याचं अत्यंत महत्त्वाचं काम आहे, आणि बहुतेक वेळा तेच सर्वांत ढिसाळपणे होतं.

रंगाच्या बाबतीत मात्र मी डिजिटलचा मनापासून चाहता आहे. लॅबमध्ये रंग दुरुस्त करायचा म्हणजे प्रिंट काढताना लाल, हिरवा, निळा या तीन दिव्यांची तीव्रता कमी-जास्त करायची. बदल व्हायचा तो अख्ख्या फ्रेमवर. आकाश गडद करून चेहरा उजळ ठेवणं केवळ त्या दिव्यांनी शक्य नव्हतं. २००० मध्ये 'ओ ब्रदर, व्हेअर आर्ट दाऊ?' या चित्रपटासाठी छायाचित्रकार रॉजर डीकिन्स यांनी संपूर्ण फिल्म स्कॅन करून डिजिटल ग्रेडिंग केलं. हिरव्यागार ऋतूत चित्रित झालेल्या निसर्गाला त्यांना वाळलेल्या, धुळकट पिवळ्या रंगात न्यायचं होतं. सुरुवातीपासून शेवटपर्यंत डिजिटल ग्रेडिंग झालेल्या सुरुवातीच्या चित्रपटांत त्याचं नाव पहिलं घेतलं जातं. त्यानंतर काही वर्षांत डीआय, म्हणजे फिल्म स्कॅन करून संगणकावर रंग ठरवणं, ही सर्वसामान्य पायरी झाली. आज फ्रेममधला एक चेहरा, एक खिडकी, एक सदरा वेगळा निवडून त्यावर काम करता येतं.

पण यातही तोच प्रश्न येतो. "नंतर बघू" हे वाक्य सेटवर जितक्या वेळा उच्चारलं जातं, तितका ग्रेडिंगचा वेळ दुरुस्तीत जातो आणि घडवण्यासाठी कमी उरतो. चुकीच्या दिशेने आलेला प्रकाश ग्रेडिंगमध्ये दिशा बदलत नाही. डीकिन्स यांचं उदाहरण सगळे देतात, पण त्यांना काय हवं होतं हे चित्रीकरणाआधी ठरलेलं होतं, हा भाग सांगायचा राहून जातो.

व्हीएफएक्समध्ये ही ढकलाढकल सर्वांत टोकाला गेली. क्रोमाच्या हिरव्या पडद्यासमोर नटाला उभं करायचं आणि मागे काय असेल ते सहा महिन्यांनी ठरवायचं, अशी कामं सर्रास होतात. मग प्रकाश कुठून यावा हे छायाचित्रकाराला माहीत नसतं, नजर कुठे लावावी हे नटाला माहीत नसतं, आणि शेवटी शेकडो कलाकार प्रदर्शनाच्या तारखेविरुद्ध झुंजत असतात. २०१३ च्या फेब्रुवारीत 'लाइफ ऑफ पाय'ला व्हिज्युअल इफेक्ट्सचं ऑस्कर मिळालं, तेव्हा त्यातला वाघ घडवणाऱ्या रिदम अँड ह्यूज या कंपनीने त्याच महिन्यात दिवाळखोरीचा अर्ज केलेला होता. ठरावीक रकमेत काम घ्यायचं आणि बदल मात्र अमर्याद सोसायचे, ही व्यवस्थाच या व्यवसायाला पोखरते. २०२३ मध्ये मार्व्हलच्या व्हीएफएक्स कर्मचाऱ्यांनी संघटना स्थापन करण्याच्या बाजूने एकमताने मतदान केलं, त्यामागे हीच घुसमट होती. पडद्यावरच्या खराब व्हीएफएक्सची टिंगल करणाऱ्या प्रेक्षकांना मला नेहमी सांगावंसं वाटतं, की बहुतेक वेळा तो दोष कलाकाराच्या कौशल्यात नसतो, उशिरा झालेल्या निर्णयात असतो.

म्हणूनच एलईडी भिंतींवरच्या व्हर्च्युअल प्रॉडक्शनकडे मी आशेने पाहतो. २०१९ मध्ये 'द मँडलोरियन' या मालिकेमुळे ही पद्धत सर्वांना ठाऊक झाली. नटांच्या भोवती वळणदार एलईडी भिंत असते, डोक्यावर एलईडीचंच छत असतं, आणि गेम बनवण्यासाठी तयार झालेल्या अनरियल इंजिनमधून त्यावर देखावा दाखवला जातो. कॅमेरा कुठे आहे हे यंत्रणा सतत मोजत असते आणि कॅमेरा हलला की देखाव्यातली जवळची-दूरची दृश्यं त्या प्रमाणात सरकतात, त्यामुळे लेन्समधून खरीखुरी खोली जाणवते. चमकत्या चिलखतावर पडणारं प्रतिबिंबही खरं असतं. क्रोमाच्या हिरव्या छटा पुसत बसावं लागत नाही.

या पद्धतीचे त्रासही आहेत. भिंतीवर थेट फोकस गेला तर मोआरेच्या लहरी दिसतात. लाल-हिरव्या-निळ्या एलईडीच्या प्रकाशात त्वचेचा रंग नैसर्गिक दिसत नाही, म्हणून चेहऱ्यासाठी वेगळे दिवे लावावे लागतात. स्टुडिओचा खर्चही मोठा असतो. पण माझ्या दृष्टीने या तंत्राचं खरं मोल असं, की देखावा चित्रीकरणाच्या दिवशी तयार असावाच लागतो. कलादिग्दर्शक, छायाचित्रकार, दिग्दर्शक आणि व्हीएफएक्स प्रमुख यांना महिनाभर आधी एकत्र बसून ठरवावं लागतं. डिजिटलने जो निर्णय पुढे नेला होता, तोच या आणखी प्रगत डिजिटल तंत्राने पुन्हा सेटवर आणून ठेवला.

ध्वनीबद्दल थोडक्यात सांगतो, कारण तिथला बदल बराचसा चांगल्याच बाजूचा आहे. सेटवर प्रत्येक नटाचा मायक्रोफोन वेगळ्या ट्रॅकवर ध्वनिमुद्रित होतो, त्यामुळे कित्येक संवाद डबिंगशिवाय वाचतात. २०१२ मध्ये आलेल्या डॉल्बी ॲटमॉसमध्ये १२८ पर्यंत ध्वनिप्रवाह हाताळता येतात, ६४ पर्यंत स्वतंत्र स्पीकर आउटपुट असतात, आणि एखादा आवाज थिएटरच्या अवकाशात नेमका कुठून कुठे जातो हे ठरवता येतं. एवढं असूनही संवाद कळत नाहीत ही प्रेक्षकांची तक्रार वाढली आहे, आणि ती खरी आहे. मोठ्या थिएटरसाठी बांधलेलं मिश्रण टीव्हीच्या पातळ स्पीकरवर ऐकलं जातं. छोट्या स्पीकरसाठीचं मिश्रण वेगळं करायला वेळ आणि पैसा बाजूला ठेवायला हवा.

थिएटरमध्ये काय झालं? दोन तासांच्या चित्रपटाची ३५ मिमी प्रिंट सलग पसरली तर सव्वातीन किलोमीटर भरते. अशा शेकडो, मोठ्या चित्रपटांच्या हजारो प्रिंट काढायच्या, वाहून न्यायच्या, आणि काही आठवड्यांत त्यांच्यावर ओरखडे पडायचे. शेवटच्या प्रेक्षकाला पहिल्या प्रेक्षकाने पाहिलेला चित्रपट कधीच दिसत नसे. हॉलिवूडच्या मोठ्या स्टुडिओंनी २००२ मध्ये एकत्र येऊन डीसीआय (डिजिटल सिनेमा इनिशिएटिव्ह्ज) ही संस्था स्थापन केली आणि २००५ मध्ये डिजिटल प्रक्षेपणाचे निकष जाहीर झाले. २के म्हणजे २०४८ गुणिले १०८०, ४के म्हणजे ४०९६ गुणिले २१६० पिक्सेल, चित्र जेपीईजी २००० पद्धतीने आकुंचित, आणि प्रवाहाची मर्यादा सेकंदाला २५० मेगाबिट. या निकषांनी बनवलेली डीसीपी, म्हणजे थिएटरला जाणारी चित्रपटाची डिजिटल प्रत, जगातल्या कोणत्याही डिजिटल थिएटरमध्ये तशीच दिसायला हवी, आणि शंभराव्या खेळालाही ती पहिल्या खेळाइतकीच स्वच्छ असते. २०१४ मध्ये पॅरामाउंटने अमेरिकेत फिल्म प्रिंट पाठवणं बंद केल्याची बातमी आली आणि बाकीचं जग त्याच वाटेवर होतं.

डीसीपीबरोबर केडीएम नावाची किल्ली येते. ती ठरावीक सर्व्हरसाठी, ठरावीक तारखांपुरतीच चालते. चोरीला आळा बसतो, पण सत्ताही सरकते. पूर्वी प्रिंट एकदा थिएटरमालकाच्या ताब्यात आली की एखादा जादा खेळ लावणं त्याच्या हातात होतं. आता किल्लीची वेळ संपली की फाइल समोर असूनही उघडत नाही. प्रोजेक्टर चालवणारे जाणकारही या बदलात हरवले. फोकस, आवाजाची पातळी आणि दिव्याचा उजेड सतत तपासणारा माणूस प्रत्येक खोलीत राहिला नाही, आणि मंद दिव्यावर चाललेले खेळ पाहताना मला फार वाईट वाटतं. डीसीआयच्या निकषाप्रमाणे पडद्यावरच्या पांढऱ्याची उजळता ४८ निट (निट हे उजळतेचं एकक) हवी. आम्ही काळ्याच्या छटांवर दिवसच्या दिवस काम करतो ते त्या ४८ निटवर भरवसा ठेवून.

नेटफ्लिक्सने २००७ मध्ये स्ट्रीमिंग सुरू केलं तेव्हापासून अंतिम प्रत ही गोष्टच एकाची अनेक झाली. थिएटरसाठी ४८ निटची, एचडीआर (उजेड-अंधाराचा अधिक मोठा पल्ला दाखवणाऱ्या) टीव्हीसाठी बहुधा १००० निटवर ग्रेड केलेली, साध्या टीव्हीसाठी तिसरी, शिवाय वेगवेगळ्या भाषांचे ध्वनिपट आणि उपशीर्षकं. एचडीआरमध्ये खिडकीतून येणारा उजेड डोळे दिपवू शकतो, मग त्याच दृश्यातला चेहरा तुलनेने अंधारा वाटतो आणि प्रसंगाचा भाव बदलतो. एचडीआरची प्रत दिग्दर्शक आणि छायाचित्रकार समोर बसल्याशिवाय पक्की करू नये, हे माझं ठाम मत आहे.

आता ज्या विषयाची मला सर्वांत जास्त काळजी वाटते, तो म्हणजे जतन. चित्रीकरणात, संकलनात, ग्रेडिंगमध्ये निर्णय पुढे ढकलला तर किंमत मोजून का होईना, सुधारता येतं. जतनाचा निर्णय पुढे ढकलला तर चित्रपटच उरत नाही.

ऑस्कर देणाऱ्या अमेरिकन अकादमीने २००७ मध्ये 'द डिजिटल डिलेमा' हा अहवाल प्रसिद्ध केला. एका चित्रपटाचं फिल्म मास्टर सांभाळायला वर्षाला १,०५९ डॉलर लागतात, तर ४के डिजिटल मास्टर सांभाळायला १२,५१४ डॉलर, असा त्यातला अंदाज होता, म्हणजे जवळपास बारापट. त्यानंतर साठवण स्वस्त झाली आहे, त्यामुळे आज हेच आकडे धरून बसू नये. पण त्यामागचं कारण बदललेलं नाही. चांगली फिल्म थंड, कोरड्या खोलीत ठेवली की अनेक दशकं तिच्याकडे फारसं लक्ष द्यावं लागत नाही. डिजिटल प्रतीला सतत राखण लागते. हार्डडिस्क कपाटात पडून बंद पडते. एलटीओ ही माहिती साठवणारी चुंबकीय टेप ३० वर्षं टिकू शकते असं उत्पादक सांगतात, पण ती वाचणारं यंत्र मिळायला हवं. एलटीओची आठव्या पिढीची यंत्रं फक्त एक पिढी मागची टेप वाचतात. म्हणजे दर काही वर्षांनी सगळा संग्रह नव्या टेपवर उतरवायचा, तपासायचा, आणि हे कायम करत राहायचं. एखाद्या निर्मात्याची कंपनी बंद पडली की ही साखळी तिथेच तुटते.

दोन घटना शेजारी ठेवून पाहा. १९९८ मध्ये पिक्सारमध्ये 'टॉय स्टोरी २'चं काम चालू असताना एका चुकीच्या आज्ञेने बहुतेक फाइली पुसल्या जाऊ लागल्या, आणि बॅकअपही नीट काम करत नव्हता असं लक्षात आलं. गॅलिन सुसमन या तांत्रिक प्रमुख बाळंतपणानंतर घरून काम करत होत्या आणि त्यांच्या घरच्या संगणकावर प्रत होती, म्हणून काम वाचलं. दुसरी घटना १९९३ ची. लंडनमधल्या एका लॅबला आग लागली आणि सत्यजित राय यांच्या अपू चित्रत्रयीची मूळ निगेटिव्ह त्यात होरपळली. निरुपयोगी ठरूनही तो जळका ऐवज अकादमीच्या संग्रहात जपून ठेवला गेला. वीस वर्षांनी इटलीतल्या बोलोन्याच्या तंत्रज्ञांनी ती ठिसूळ, वितळून चिकटलेली फिल्म हाताने सोडवली, दुरुस्त केली, स्कॅन केली, आणि 'पथेर पांचाली'चा सुमारे ४० टक्के, तर 'अपराजितो'चा ६० टक्क्यांहून अधिक भाग मूळ निगेटिव्हमधून परत मिळाला. २०१५ मध्ये ती नवी प्रत पडद्यावर आली.

जळलेल्या फिल्ममध्ये चित्र उरतं आणि ते नुसत्या डोळ्यांनीही दिसतं. आणि ते पुन्हा पडद्यावर आणण्याचं काम डिजिटल स्कॅनिंग आणि डिजिटल दुरुस्तीने केलं, हेही तितकंच खरं. म्हणून मी फिल्म विरुद्ध डिजिटल या वादात पडत नाही. ज्यांना परवडतं ते मोठे स्टुडिओ आजही डिजिटल चित्रपटाचे तीन रंग वेगळे करून कृष्णधवल पॉलिएस्टर फिल्मवर उतरवून ठेवतात. फूजीने २०१३ मध्ये चित्रीकरणाची फिल्म बनवणं थांबवलं, तरी जतनासाठीची फिल्म चालू ठेवली होती, ती याच गरजेपोटी. छोट्या निर्मात्याला हे जमणार नाही. त्याने निदान दोन वेगवेगळ्या प्रकारच्या साधनांवर, दोन वेगवेगळ्या ठिकाणी प्रती ठेवाव्यात, आणि एक प्रत एखाद्या सार्वजनिक चित्रपट संग्रहालयाकडे द्यावी. नुसती अंतिम फाइल पुरत नाही. ग्रेडिंगआधीचं चित्र, संवाद-संगीत-परिणाम वेगवेगळे असलेले ध्वनिपट, उपशीर्षकांचा मजकूर आणि हक्कांचे कागद, हे सगळं एकत्र हवं.

कृत्रिम बुद्धिमत्तेबद्दल तुम्ही थेट विचारलेलं नाही, पण त्याशिवाय आज हे उत्तर पुरं होणार नाही. रोटोसारखं फ्रेम-फ्रेम कापण्याचं किचकट काम, गोंगाटातून संवाद वेगळा काढणं, जुन्या चित्रपटांवरचे डाग पुसणं, यात ही साधनं उपयोगी आहेत आणि मी त्यांचं स्वागत करतो. काळजी आहे ती माणसाचा चेहरा आणि आवाज वापरण्याची. २०२३ मध्ये अमेरिकेतल्या पटकथालेखकांनी १४८ दिवस आणि अभिनेत्यांनी ११८ दिवस संप केला. मानधन आणि स्ट्रीमिंगच्या मोबदल्याबरोबरच हाही त्यातला मोठा मुद्दा होता. नटाची डिजिटल प्रतिकृती वापरायची तर त्याची संमती आणि मोबदला हवा, हे करारात आलं. जिथे अशी संघटना नाही तिथे प्रत्येकाने आपला करार ओळ न ओळ वाचायला हवा. "सर्व माध्यमांत, कायमस्वरूपी" असं लिहिलेलं असेल तर त्यात आपला आवाज कृत्रिम बुद्धिमत्तेच्या शिकवणीसाठी वापरण्याचा हक्क येतो का, हे विचारून घ्या आणि उत्तर लेखी मागा.

तर चित्रपट स्वस्त झाला का? सुरुवात करणं निश्चित स्वस्त झालं. २०१५ चा 'टँजरीन' आयफोन ५एसवर चित्रित झाला आणि थिएटरपर्यंत पोहोचला. ज्यांना कच्च्या फिल्मचा एक डबाही परवडला नसता, अशा माणसांच्या गोष्टी आज पडद्यावर येतात, आणि या एका गोष्टीसाठी मी बाकीचे सगळे त्रास आनंदाने सोसेन. पण खर्च गेला कुठे हे नीट पाहा. साहित्यावरचा खर्च माणसांच्या वेळेकडे, साठवणीकडे, अनेक प्रतींकडे आणि प्रेक्षकांपर्यंत पोहोचण्याच्या धडपडीकडे वळला. अंदाजपत्रकात कॅमेऱ्याचं भाडं बारकाईने लिहिलेलं असतं आणि चित्रीकरणानंतरच्या कामाला एक ढोबळ रकाना असतो. असं अंदाजपत्रक माझ्याकडे आलं की मी ते परत पाठवतो.

तयारीबद्दल विचाराल, तर एखादं सॉफ्टवेअर शिकून करिअर होईल असं समजू नका. सॉफ्टवेअर बदलत राहतं. त्याऐवजी चित्राचा पूर्ण प्रवास एकदा स्वतः करून पाहा. पाच मिनिटांचा लघुपट घ्या. किती टेक घ्यायचे याची मर्यादा आधीच ठरवा आणि पाळा. ध्वनी वेगळा मुद्रित करा, क्लॅप द्या, कार्डावरचं चित्रण चेकसमसह उतरवा. सगळं सलग पाहून मगच संकलन करा. चित्र लॉक करा आणि त्यानंतर एक फ्रेमही हलवू नका. ग्रेडिंग करा, ध्वनीमिश्रण करा, मोफत मिळणाऱ्या डीसीपी-ओ-मॅटिकसारख्या साधनाने डीसीपी बनवा आणि खऱ्या थिएटरमध्ये, मोठ्या पडद्यावर चालवून बघा. संगणकावर सुंदर दिसलेलं चित्र तिथे कुठे ढिलं पडतं, कोणता संवाद हरवतो, हे स्वतःच्या डोळ्या-कानांनी कळेल. मग मागे मागे जात शोधा, की ती त्रुटी कोणत्या टप्प्यावर शिरली आणि कोणी, कधी निर्णय घेतला असता तर टळली असती. हे एकदा केलेला विद्यार्थी कॅमेरा, संकलन, ध्वनी किंवा व्हीएफएक्स यांपैकी कुठल्याही विभागात गेला, तरी पुढच्या माणसाला काय लागणार आहे हे त्याला ठाऊक असतं, आणि मी माणसं निवडताना सर्वांत आधी हेच बघतो.